कुलूप लावलेलं गाठोडं

मी ती फाइल उतरवून घेतली मंगळवारी सकाळी अकरा वाजून चाळीस मिनिटांनी. वेळ पाठ आहे, कारण चौकशीत ती माझ्यासमोर पुन्हा पुन्हा वाचली गेली. नंतरच्या सहा दिवसांबद्दल मात्र समितीने मला फारसं काही विचारलं नाही, आणि मला छळतात ते तेच सहा दिवस.

धुळ्याला आमचं वाचा पुनर्वसन केंद्र आहे. घशाच्या कर्करोगामुळे ज्यांचं स्वरयंत्र काढून टाकावं लागलं, त्यांना पुन्हा बोलतं करायचं हे आमचं काम. मिसरी आणि तंबाखू खानदेशातून कमी झाली असली तरी संपलेली नव्हती, त्यामुळे माणसं येतच राहत. केंद्राचे प्रमुख डॉ. सलीम तडवी. मी, मयूरी खैरनार, तिथली एकुलती एक तंत्रज्ञ.

आमच्याकडे कंठपट्टी होती. हनुवटीखाली चिकटवायची बोटभर रुंद पट्टी आणि कॉलरला लावायचा बटणाएवढा स्पीकर. स्वरयंत्र गेलं तरी जीभ, जबडा आणि मानेचे स्नायू बोलण्याची हालचाल विसरत नाहीत. माणूस मनात शब्द आणून तोंड हलवतो, तेव्हा त्या स्नायूंत बारीक विद्युत लहरी उठतात. पट्टी त्या लहरी वाचते, त्यांवरून शब्द ओळखते आणि स्पीकरमधून तो शब्द उच्चारते. हे सगळं इतक्या झटपट होतं की समोरच्याला मध्ये यंत्र आहे हे जाणवत नाही. आणि बोलणारा आवाज परका नसतो. लग्नाची चित्रफीत, फोनवर साठवलेले निरोप, जे काही जुनं मिळेल त्यातून त्या माणसाचाच आवाज घडवलेला असतो. तो आवाज एका फाइलीत राहतो. आमच्या केंद्रात असे अकरा आवाज होते.

त्यातला एक आवाज गुंफाबाई बोरसे यांचा.

गुंफाबाई कापडण्याच्या. वय त्रेसष्ट. आयुष्यभर अंगणवाडीत मदतनीस होत्या. त्यांचे यजमान सुकदेव बोरसे, ज्यांना सगळं गाव जिभाऊ म्हणतं, विहिरीवरच्या मोटारी दुरुस्त करायचे. काचबिंदूने त्यांची दृष्टी गेली आणि त्यानंतर दीड वर्षाने गुंफाबाईंचं ऑपरेशन झालं. म्हणजे एकाला दिसत नाही आणि दुसरीला बोलता येत नाही. खुणा करून उपयोग नाही, लिहून उपयोग नाही. दोन वर्षं त्या दोघांनी एकमेकांच्या हातावर बोटं दाबून संसार केला. एकदा दाबलं की हो, दोनदा दाबलं की नाही. डावा खांदा म्हणजे जेवण, उजवा म्हणजे पाहुणे आलेत. जिभाऊ मला म्हणाले होते, "मॅडम, ती घरात आहे की नाही हे मला बांगडीवरून कळायचं. ती बसून राहिली की मी एकटा."

त्यांच्याकडे गुंफाबाईंच्या आवाजाचं एकच ध्वनिमुद्रण सापडलं, पुतण्याच्या हळदीतलं, अकरा मिनिटांचं. ते मी केंद्राच्या संगणकावर उतरवून घेतलं आणि त्यातून आवाज घडवला. ज्या फोनमध्ये ते होतं तो फोन पुढे पुतण्याच्या हातून फुटला. तेव्हा कोणालाच त्याचं काही वाटलं नाही.

अडचण एकच होती. पट्टीला प्रमाण मराठी येत होती, अहिराणी येत नव्हती. दोघं नवराबायको आपसात अहिराणीत बोलणारे. गुंफाबाईंनी 'शे' म्हटलं की पट्टी 'आहे' म्हणायची, आणि 'आठे' म्हटलं की कधी 'आठ' तर कधी 'आठव'. पट्टी बनवणाऱ्या कंपनीला मी तीन पत्रं लिहिली. बोलीभाषांचा विचार दोन वर्षांनी होईल, असं उत्तर आलं. जिभाऊ हसून सांगत, "माझी बायको परत आली, पण पुण्याहून शिकून आली." सांगताना ते हसत, पण मला ते लागायचं.

मग इंटरनेटवरच्या एका मंचावर, जिथे जगभरचे हौशी तंत्रज्ञ आपापली कामं टाकतात, मला एक नोंद दिसली. 'कंठपट्टीसाठी खानदेशी बोली, मोफत.' टाकणाऱ्याचं नाव ओळखीचं नव्हतं. खाली चार-पाच जणांनी 'छान चालते' असं लिहिलेलं. फाइल झिप केलेली आणि कुलूपबंद होती, आणि तिचा पासवर्ड त्याच नोंदीत खाली दिलेला होता.

झिप फाइल म्हणजे काय ते सांगते, कारण पुढचं सगळं त्यावर आहे. गादी गुंडाळून दोरीने आवळली की ती कमी जागेत मावते आणि एका हाताने उचलता येते, तसं संगणकावर अनेक फायली दाबून एका गाठोड्यात बांधतात. पाठवायला सोपं पडतं. पण बांधलेल्या गाठोड्यात काय आहे ते बाहेरून दिसत नाही. म्हणून केंद्राच्या संगणकावर एक तपासनीस प्रोग्रॅम होता, जो आत येणारं प्रत्येक गाठोडं सोडून बघायचा. कुलूप लावलेलं गाठोडं मात्र त्याला सोडता येत नाही. ज्या कुलपाची किल्ली दारावरच टांगली आहे ते कुलूप चोरासाठी नसतं, पहारेकऱ्यासाठी असतं, हे मला कळायला हवं होतं. प्रशिक्षणात हे मी स्वतः दुसऱ्यांना शिकवलं होतं.

शिवाय गाठोड्यातल्या प्रत्येक फाइलीला एक चिठ्ठी असते, मला उघडल्यावर कुठे ठेवायचं ते सांगणारी. उघडणारा प्रोग्रॅम जुना असेल तर तो चिठ्ठीवर डोळे मिटून विश्वास ठेवतो. आमचा जुना होता. एकोणचाळीस फायलींपैकी अडतीस जणींच्या चिठ्ठ्यांवर 'बोलीच्या खोलीत ठेवा' असं होतं. एकोणचाळिसावीच्या चिठ्ठीवर होतं, 'इथे नको, दोन मजले वर जा, आणि यंत्र रोज सकाळी जिथून सुरू होतं त्या खोलीत मला ठेवा.'

अशा अनोळखी फायली उघडायला वेगळा चाचणी संगणक होता. तो कपाटात असे. बाहेर काढून जोडायला चाळीस मिनिटं लागत आणि डॉक्टर तडवींची सही लागे. गुंफाबाई बाहेर बाकावर बसल्या होत्या आणि त्यांची एक वाजताची बस होती. पडद्यावर प्रश्न आला, 'स्रोत अनोळखी आहे. तरी उघडायचं?' मी 'हो' दाबलं.

बोली खरोखरच चालली. आजही मला हे सांगताना अवघड वाटतं, की ती फार सुंदर चालली. पट्टी लावून गुंफाबाई आत आल्या. जिभाऊ खुर्चीत हात मांडीवर ठेवून बसले होते. त्यांनी नेहमीसारखं हवेत विचारलं, "कोठे शे तू?"

"मी आठेच शे," गुंफाबाई म्हणाल्या. मी इथेच आहे.

जिभाऊंनी हात पुढे केला, गुंफाबाईंचं मनगट धरलं आणि मला म्हणाले, "हाई मन्ही गुंफा शे." ही माझी गुंफा आहे. आणि ते रडले. डॉक्टर तडवी दारात उभे होते. ते म्हणाले, "मयूरी, हे कंपनीला जमलं नाही, तू कसं केलंस?"

"थोडी जोडाजोड केली, सर," मी म्हणाले.

त्यांनी आणखी विचारलं नाही. त्या संध्याकाळी घरी जाताना मला इतका आनंद झाला होता की मी दोन थांबे चालत गेले.

शुक्रवारी नथ्थू भामरे आले. पूर्वी एसटीचे चालक होते, आवाज खणखणीत. ते म्हणाले, "ताई, पट्टी जरा मागे पडते हो. मी बोलून मोकळा होतो, मग ती बोलते." मी तपासलं. शब्द दीड सेकंद उशिरा येत होता. त्यांची बोली तर मी बदललीही नव्हती. पण अकराही पट्ट्या रोज केंद्राच्या संगणकाशी जोडल्या जातात, त्यामुळे जे संगणकात शिरलं ते सगळीकडे गेलं असणार. नथ्थूभाऊ गेल्यावर मी सुरुवातीच्या खोलीतल्या फायली बघितल्या. एक अनोळखी नाव होतं, आणि त्यापुढे वेळ होती मंगळवार, अकरा एक्केचाळीस.

ते कुठून आलं हे मला त्याच क्षणी समजलं.

ती फाइल काय करत होती हे पुढे कंपनीच्या अभियंत्यांनी शोधलं. कुठल्यातरी दूरच्या माणसाला मोठी आकडेमोड करायची होती आणि त्यासाठी तो जगभरातल्या लहान लहान यंत्रांची डोकी चोरून वापरत होता. पट्टीतला चिमुकला संगणक त्याचं काम आधी करायचा आणि माणसाचं बोलणं नंतर. त्याला आमच्याशी काही देणंघेणं नव्हतं. कापडणे कुठे आहे हेही त्याला माहीत नसेल.

शुक्रवारी मला हे माहीत नव्हतं. मला एवढंच माहीत होतं की काहीतरी शिरलं आहे आणि दार मी उघडलं आहे. नियम साधा होता. संगणक जाळ्यापासून तोडायचा, डॉक्टरांना सांगायचं, कंपनीला कळवायचं. मी ती फाइल पुसली आणि यंत्र पुन्हा सुरू केलं. नथ्थूभाऊंना फोन केला, "आता बघा बरं." ते म्हणाले, ठीक वाटतंय.

शनिवारी ती फाइल परत आली होती, वेगळ्या नावाने.

त्या दिवशी आणखी दोघांनी तक्रार केली. दुपारी डॉक्टर तडवी चहाचा कप घेऊन माझ्या टेबलाशी आले. त्यांचा स्वभाव असा की कोणावर संशय घ्यायलाही त्यांना संकोच वाटे. ते म्हणाले, "तीन जणांचं एकच म्हणणं आहे. मशीनवर काही वेगळं टाकलंस का गं?"

मी त्यांच्या कपाकडे बघत होते. मनात वाक्य तयार होतं. सर, ती बोली मी बाहेरून घेतली.

"नाही, सर," मी म्हणाले. "दमट हवेमुळे पट्टीची पकड सुटत असेल. मी बघते."

"बघ," ते म्हणाले आणि गेले. महिना डिसेंबरचा होता. धुळ्यात डिसेंबरात दमटपणा कुठून येणार, हे त्यांनाही कळलं असेल. पण त्यांनी माझा शब्द घेतला.

रविवारी केंद्र बंद असतं. मी घरी पोळ्या लाटल्या, कपडे वाळत घातले, आणि सोमवारी सकाळी लवकर जाऊन पुन्हा पुसून टाकू असं स्वतःला सांगत राहिले. शुक्रवारी सांगितलं असतं तर ती चूक ठरली असती. शनिवारच्या 'नाही'नंतर ते खोटं ठरणार होतं, आणि एक दिवस गेला की ते आणखी मोठं होत होतं. मला वाटत होतं की मी ते दुरुस्त केलं तर कधी सांगावंच लागणार नाही.

सोमवारी मी सकाळभर पुसत होते. अडीच वाजता तालुक्याच्या रुग्णवाहिकेतून डॉक्टरांना फोन आला. जिभाऊ पडले होते.

कापडण्यात त्यांच्या घरासमोर नव्या पाइपलाइनसाठी चर खणलेला होता, छातीएवढा खोल. शुक्रवारपर्यंत तो चौकाच्या पलीकडे होता, सोमवारी सकाळी मजूर दारापर्यंत आले होते. जिभाऊंना रोजची वाट पावलांनी पाठ होती. ओट्यावरून उतरून सात पावलं, मग डावीकडे शेजाऱ्याच्या कट्ट्यावर. गुंफाबाई आत पीठ चाळत होत्या. त्यांनी मान वर केली तेव्हा ते ओटा उतरले होते. त्या उठून दाराकडे धावल्या आणि ओरडल्या, थांबा.

पट्टी गप्प होती. त्यांनी पुन्हा ओरडायला तोंड उघडलं. जिभाऊ पाचवं पाऊल टाकत होते. सहावं टाकलं. ते चरात पडले, आणि त्यानंतर स्पीकरमधून आवाज आला, अगदी स्पष्ट, गुंफाबाईंच्या स्वतःच्या आवाजात, "थांबा." आणि लगेच पुन्हा, "थांबा."

हे मला गुंफाबाईंनी सांगितलं नाही, चराच्या लांबच्या टोकाला काम करणाऱ्या मजुराने पोलीस पाटलांना सांगितलं. तो म्हणाला, चार सेकंद असतील. बाई तोंड उघडं ठेवून उभी होती आणि नवरा खाली गेल्यावर बोलली. त्याला ते फार विचित्र वाटलं होतं.

संध्याकाळी पाच वाजता मी आणि डॉक्टर तडवी इस्पितळात पोचलो. जिभाऊंच्या खुब्याचं हाड मोडलं होतं. त्यांना आत नेलं होतं. गुंफाबाई बाहेर बाकावर बसल्या होत्या आणि त्यांनी पट्टी काढून पिशवीत ठेवली होती. हनुवटीखाली चिकटपट्टीचा लाल वळ होता. मला बघून त्यांनी पिशवीतून पट्टी काढली, माझ्या हातात दिली आणि स्वतःच्या छातीवर बोट ठेवलं. मग मान हलवली. त्यांना वाटत होतं त्यांची चूक झाली. त्यांनी पट्टी नीट लावली नसेल, किंवा ओरडायला उशीर केला असेल.

मी त्यांच्या शेजारी बसले. डॉक्टर तडवी माझ्यापासून दोन हातांवर उभे होते. त्यांनी विचारलं, "मयूरी, बोलायला इतका उशीर कशाने होईल?"

"तपासावं लागेल," मी म्हणाले.

तेव्हा अजून वेळ होता. मला हे लिहायलाच हवं. केंद्रातल्या अकरा आवाजांच्या प्रती रोज रात्री कंपनीकडे साठवल्या जात आणि तिथे शेवटच्या सात प्रती राहत. आठवी आली की सगळ्यात जुनी पुसली जाई. मंगळवारी मी ते गाठोडं उघडलं, म्हणजे शेवटची स्वच्छ प्रत आदल्या सोमवारच्या रात्रीची. ती त्या संध्याकाळी पाच वाजता होती, आणि रात्री नवी प्रत आली की ती जाणार होती. हा नियम मला माहीत होता, मी त्यावर सही केली होती. पण मी दिवस मोजले नव्हते. मी मोजत होते ते मला काढून टाकतील की नाही, हे.

मंगळवारी सकाळी नऊ वाजता मी डॉक्टर तडवींच्या खोलीत गेले आणि सगळं सांगितलं. ती नोंद, पासवर्ड, चाचणी संगणक, शुक्रवारी सापडलेली फाइल, शनिवारचं खोटं. संपल्यावर त्यांनी कंपनीला फोन लावला आणि पहिला प्रश्न विचारला, "स्वच्छ प्रत कधीपर्यंतची आहे?" पलीकडचं उत्तर मला ऐकू आलं नाही. त्यांनी फोन ठेवला.

"काल रात्री गेली," ते म्हणाले.

मी उभी होते. ते टेबलावरची पेनं सरळ रेषेत लावत होते. मग त्यांनी विचारलं, "काल मी तुला विचारलं होतं ना, दवाखान्यात?"

"हो, सर."

"बाईच्या शेजारी बसली होतीस तू."

"हो."

त्यानंतर त्यांनी मला कधी 'गं' म्हटलं नाही.

पट्ट्यांतला आवाज आणि शिरलेली वस्तू आता एकमेकांत मिसळली होती. वेगळं करून देऊ अशी हमी कोणी देईना, आणि हमीशिवाय माणसाच्या गळ्याला ते लावता येत नव्हतं. अकराही पट्ट्या कोऱ्या करण्यात आल्या. दहा जणांकडे जुनी मुद्रणं होती, त्यांतून पुन्हा आवाज घडवला गेला. नथ्थूभाऊंच्या मुलीने तर चाळीस निरोप जपून ठेवले होते. गुंफाबाईंची अकरा मिनिटं केंद्राच्या संगणकावरच होती, आणि त्या फाइलीने स्वतःला जागा करून घ्यायला मोठमोठी मुद्रणं आधीच पुसली होती.

गुंफाबाईंना कंपनीचा तयार आवाज देण्यात आला. तिशीतल्या बाईचा, गोड, आकाशवाणीवर शोभेल असा. कंपनीवर वर्तमानपत्रांतून टीका झाली आणि जे दोन वर्षांत होणार नव्हतं ते पाच महिन्यांत झालं, अहिराणी आली. जिभाऊ तोवर काठी घेऊन चालू लागले होते. नव्या आवाजात गुंफाबाई बोलल्या की ते दचकत आणि विचारत, "कोण?" प्रत्येक वेळी.

मला चार महिने निलंबित केलं, मग कामावर घेतलं, पण यंत्रावर काही नवं टाकायचा अधिकार काढून घेतला. ते योग्यच होतं. मी कापडण्याला जाऊन त्या दोघांना सगळं सांगितलं. समितीने तसं सांगितलं नव्हतं, उलट जाऊ नका असं म्हटलं होतं. घरात आल्यावर मी खाली सतरंजीवर बसले आणि सांगितलं, शनिवारच्या 'नाही'सकट, आणि सोमवारच्या पाच वाजतासकट. गुंफाबाई मधूनच उठून आत गेल्या. जिभाऊ म्हणाले, "म्हणजे तिने वेळेवर हाक मारली होती?"

"हो. वेळेवर मारली होती. आधीच मारली होती."

ते आतल्या खोलीकडे तोंड करून बसले. "ती मला अजून सांगते की तिला उशीर झाला," ते म्हणाले. "तिला सांगा हे. पुन्हा सांगा."

मी आत जाऊन पुन्हा सांगितलं.

त्यानंतर मी दर गुरुवारी जायला लागले. कल्पना माझी होती, परवानगी डॉक्टर तडवींनी दिली होती. तयार आवाजात खूप बारीक फेरफार करता येतात, जाडी, खरखर, श्वास, शेवटच्या अक्षरावरचा दाब. आणि गुंफाबाईंचा खरा आवाज आता एकाच ठिकाणी होता, जिभाऊंच्या कानात. त्यांनी चाळीस वर्षं मोटारीचा आवाज ऐकून कोणतं बेअरिंग गेलंय ते सांगितलं होतं. मी फेरफार करायचे, गुंफाबाई एक वाक्य बोलायच्या, ते सांगायचे, "इतका गोड नव्हता. थोडा चिरका." किंवा, "सकाळचा बरा होता, हा दुपारचा झाला." कधी वैतागून म्हणायचे, "राहू द्या, ही तिची बहीण झाली." चौदा गुरुवार असे गेले. मला वाटायचं, एक दिवस ते म्हणतील की हाच. मी त्या दिवसाची वाट बघत होते.

पंधराव्या गुरुवारी मी पोचले तेव्हा गुंफाबाईंनी मला दारातच थांबवलं. जिभाऊ आत खाटेवर टेकले होते.

"यंत्र काढू नका," त्या म्हणाल्या. आवाज मी गेल्या खेपेला सोडला होता तोच, ना त्यांचा, ना परका. "हा आवाज राहू द्या. आता ते दचकत नाहीत."

"अजून जवळ आणता येईल, मावशी. जिभाऊ म्हणत होते की खरखर..."

"ते तुमच्यासाठी म्हणतात. तुम्ही एवढ्या लांबून येता म्हणून." त्यांनी पदर सारखा केला. माझ्याशी त्या नेहमी मराठीत बोलत, सावकाश, शब्द निवडून. "तुम्ही आल्या की मी पीठ चाळताना उठले तिथे पुन्हा जाते. आठवडाभर मी तो दिवस बाजूला ठेवते आणि गुरुवारी तुम्ही तो घेऊन येता. रागाने नाही सांगत."

"मला माफ..." मी सुरुवात केली.

त्यांनी हात वर केला. "ते मला जमलं तर माझं मी करेन. तुम्ही समोर बसून होणार नाही ते."

मी पिशवी खांद्याला लावली. पण वळले नाही. मी उंबऱ्याच्या बाहेर उभी होते, त्या आत. आमच्यात हातभर अंतर असेल.

आतून जिभाऊंनी विचारलं, "गई का ती?"

गुंफाबाईंनी माझ्याकडे बघितलं, आणि नवऱ्याला सांगितलं, "हो, गई."